मच्छिंद्री झाल्यावरची आशा

जुलै उजाडला की कोल्हापुरात माणसं तब्येतीच्या आधी विचारतात, "पाणी किती फुटांवर?" राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगा 39 फुटांवर गेली की इशारा, 43 फुटांवर धोका. शिवाजी पुलाच्या कमानींशी पाणी टेकलं की म्हणायचं, 'मच्छिंद्री झाली'. 2019 च्या ऑगस्टमध्ये हा आकडा 55 फुटांच्याही वर गेला आणि 2021 मध्ये पुन्हा तेच वाट्याला आलं. अशा वेळी धीर देणाऱ्यांची काही कमी नसते. "होईल सगळं नीट," असं ते सांगून जातात. ज्याच्या घरात पाणी शिरलंय तो नुसती मान हलवतो. त्यानं आशा सोडली, असं बघणाऱ्याला वाटतं. पण आशा कुठं असते याबद्दल गेल्या काही दशकांत मानसशास्त्रानं आणि मेंदूविज्ञानानं जे शोधलंय ते पाहिलं, तर ती त्याच्या तोंडापेक्षा हातात शोधावी लागते.

सुरुवात एका क्रूर प्रयोगापासून होते. 1967 मध्ये अमेरिकेत मार्टिन सेलिगमन आणि स्टीव्हन मायर या मानसशास्त्रज्ञांनी कुत्र्यांना विजेचे धक्के दिले. काही कुत्र्यांना डोक्यानं एक फळी दाबून धक्का थांबवता यायचा. बाकीच्यांना धक्के तेवढेच बसायचे, पण काही केलं तरी थांबायचे नाहीत. पुढं दोघांनाही अशा खोक्यात ठेवलं, की मधला आडोसा ओलांडला की सुटका. पहिले पटकन उडी मारायला शिकले. दुसऱ्यांपैकी बरेच जागेवरच पडून राहिले. 'काही करून उपयोग नाही' हे ते शिकले, असा निष्कर्ष निघाला आणि पाठ्यपुस्तकांत जाऊन बसला.

गंमत अशी की याच दोघांनी 2016 मध्ये स्वतःचा सिद्धांत उलटा करून मांडला. मधल्या काळात मायर यांनी उंदरांच्या मेंदूचा अभ्यास केला होता. त्रास लांबला की मेंदूच्या देठातला डॉर्सल राफे नावाचा भाग सेरोटोनिन हे रसायन सोडत राहतो आणि प्राणी गलितगात्र होतो. हे शिकावं लागत नाही, ते आपोआप होतं. शिकावं लागतं ते उलट: माझ्या हातात काहीतरी आहे, हे. कपाळामागच्या मेंदूच्या एका भागाला असा ताबा जाणवला की तो डॉर्सल राफेला आवर घालतो. एकदा ताबा अनुभवलेला उंदीर पुढं खरोखर निरुपाय झाला तरी लवकर ढेपाळत नाही. उंदरावरून माणसाची गोष्ट जपूनच सांगावी, पण पुराच्या गाळात कोण काय करतं हे पाहिलं की हे संशोधन आठवतं.

पाणी ओसरल्यावर प्रयाग चिखली, आंबेवाडीकडच्या उसाच्या रानात चला. शेंड्यावरून पाणी गेलं की पोंग्यात, म्हणजे शेंड्याच्या पानांच्या सुरळीत, गाळ बसतो. शेतकरी एक शेंडा मोडतो, कोयत्यानं उभा चिरतो आणि आतला कोंब बघतो. पांढरा आणि टणक असला तर ऊस वाढेल. तपकिरी होऊन वास मारत असला तर शेंडा गेला. आता कांड्यांवरच्या डोळ्यांतून पांगशा, म्हणजे बाजूचे कोंब, फुटणार, वजन आणि साखरेचा उतारा घटणार. "संपलं बघा सगळं," असं तो बांधावरच्या माणसाला सांगतो आणि सांगता सांगता दुसरा शेंडा चिरतो. लवकर तोड मागायची, वैरणीला काढायचा, की बुडख्याला कापून खोडवा, म्हणजे त्याच बुडख्यातून पुन्हा फुटणारं पीक, धरायचा, हा हिशेब आत चालूच असतो.

कॅन्सस विद्यापीठातले सी. आर. स्नायडर यांनी 1991 मध्ये आशेची व्याख्या केली तीही अशीच: पोचायची जिद्द, अधिक पोचायच्या वाटा. एक वाट बंद झाली तर दुसरी सुचणं हा आशेचाच अर्धा भाग. चेहरा हसरा असलाच पाहिजे, अशी अट त्यांनी घातलेली नाही.

हसऱ्या चेहऱ्याबद्दल तर मानसशास्त्रज्ञ गॅब्रिएल ओटिंगेन यांचं काम डोळे उघडणारं आहे. 2002 मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या अभ्यासात नोकरीची गुलाबी चित्रं जास्त रंगवणाऱ्या पदवीधरांना पुढच्या दोन वर्षांत नोकरीची बोलावणी कमी आली आणि पगारही कमी मिळाला. आधीच्या अनुभवावरून 'जमेल' असं ज्यांना वाटत होतं, त्यांचं मात्र चांगलं झालं. स्वप्नातच पोचलेला माणूस पाय उचलत नाही, असं त्याचं स्पष्टीकरण दिलं जातं. त्यांचा उपाय साधा आहे: हवं ते आधी मनात आणा आणि लगेच आडवं काय येणार तेही. कोल्हापुरात गणपतीच्या मूर्ती घडवणाऱ्या शाहूपुरीतल्या कुंभार गल्लीत किंवा बापट कॅम्पला हे कुणी शिकवायची गरज नाही. 2019 ला गणपती तोंडावर आलेले असताना तिथं मूर्ती पाण्यात गेल्या. त्यामुळं जुलैत मूर्ती रंगवताना कुठली आधी उचलायची आणि कुठल्या माळ्यावर, हा विचार सोबत असणारच.

आशा बोलून दाखवावी की मनात ठेवावी? मानसशास्त्रज्ञ पीटर गोल्विट्झर यांच्या 2009 च्या प्रयोगांत, 'मला अमुक व्हायचंय' हा निर्धार दुसऱ्यानं ऐकून नोंदवला, तर माणसांनी त्यासाठी कष्ट कमी केले. नुसत्या दखलीनंच काहीतरी मिळवल्यासारखं वाटतं. तेव्हा मुलीच्या स्पर्धा परीक्षेचं घरानं गावभर केलं नाही, तर त्याला चोरटेपणा म्हणू नये.

पण हे लागू होतं ते निर्धाराला, दुःखाला नाही. झोप उडाली, जेवण सुटलं, कोयता हातात घ्यावासाच वाटेना आणि हे दोन आठवड्यांहून लांबलं, तर ते गप्प राहून निस्तरत नाही. तेव्हा डॉक्टर गाठायचा, किंवा 14416 लावायचा. ही सरकारची टेलिमानस सेवा आहे. ती मोफत आहे, दिवसरात्र चालते आणि मराठीतही बोलता येतं.