पार्श्वभूमी : ऑनलाइन शिक्षण २०२० मध्ये सुरू झालं नाही

दहावीचा भूगोलाचा पेपर २३ मार्च २०२० ला होता. तो आधी पुढे ढकलला गेला, मग रद्द झाला. पुढच्या वर्षी तर दहावीची लेखी परीक्षाच झाली नाही. महाराष्ट्रातल्या बहुतेक घरांना ऑनलाइन शिक्षण आठवतं ते इथून. एक मोबाइल, त्यावर दोन भावंडं, आणि ‘आवाज येतोय का’ असं विचारणाऱ्या बाई. नाशिककराला मात्र ही सुरुवात मान्य करणं जड जायला हवं. गंगापूर धरणाच्या वाटेवर, गोवर्धन शिवारात, एक विद्यापीठ आहे. त्याचे विद्यार्थी राज्यभर आहेत, पण आवारात सहसा दिसत नाहीत. त्यांनी इथे रोज यायची गरज पडू नये, याच हिशेबाने ते उभारलं गेलं.

यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ १ जुलै १९८९ रोजी विधिमंडळाच्या कायद्याने स्थापन झालं. चव्हाणांचा नाशिकशी जुना धागा होता. चीनच्या आक्रमणानंतर नेहरूंनी त्यांना संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला बोलावलं, तेव्हा लोकसभेवर ते नाशिकमधून निवडून गेले, तेही बिनविरोध. पहिले कुलगुरू राम ताकवले. भौतिकशास्त्राचे प्राध्यापक, त्याआधी पुणे विद्यापीठाचे कुलगुरू, आणि पुढे दिल्लीत इंदिरा गांधी राष्ट्रीय मुक्त विद्यापीठाचे, म्हणजे इग्नूचेही. ‘ज्ञानगंगा घरोघरी’ हे ब्रीद गोदावरीकाठच्या गावात शोभून दिसतं. पण ते घरोघरी नेमकं पोचवायचं कसं, याची आखणी ब्रीदापेक्षा जास्त महत्त्वाची होती, आणि आजच्या ऑनलाइन शिक्षणाच्या बऱ्याच अडचणी त्या आखणीकडे पाहिल्यावर उलगडतात.

कल्पना अर्थातच नाशिकची नव्हती. १८४० मध्ये इंग्लंडमध्ये टपाल स्वस्त झालं आणि आयझॅक पिटमनने लघुलेखनाचे धडे पोस्टकार्डांवर पाठवायला सुरुवात केली. भारतात दिल्ली विद्यापीठाने १९६२ मध्ये पत्रद्वारा शिक्षण सुरू केलं. ब्रिटनचं मुक्त विद्यापीठ १९६९ चं, हैदराबादचं १९८२ चं, इग्नू १९८५ चं. नाशिक त्यानंतर.

त्याआधी नोकरी करत शिकायचं असेल तर वाट बहुतेकदा एकच होती : बहिःस्थ विद्यार्थी म्हणून फॉर्म भरायचा, बाजारातून गाइड आणायचं आणि एप्रिलमध्ये परीक्षेला बसायचं. विद्यापीठ परीक्षा घ्यायचं, पण शिकवायचं नाही. मुक्त विद्यापीठाने तीन गोष्टी बदलल्या. पहिली म्हणजे दार. शाळा अर्ध्यावर सुटलेल्या प्रौढांसाठी ‘पूर्वतयारी’ शिक्षणक्रम आला; तो पार केला की बी.ए.ला प्रवेश. सातपूरच्या कारखान्यात लागलेला, नववीत शाळा सोडलेला माणूस पदवीच्या रांगेत उभा राहू शकतो, ही त्या काळी लहान गोष्ट नव्हती. कितीतरी बायकांनी लग्नानंतर, मुलं शाळेत जायला लागल्यावर, या दाराने शिक्षण परत धरलं. दुसरी गोष्ट म्हणजे पुस्तक. एकट्याने बसून वाचणाऱ्यासाठी लिहिलेलं, मराठीतून, प्रत्येक घटकाच्या शेवटी स्वतःला तपासायचे प्रश्न असलेलं.

तिसरी गोष्ट अभ्यासकेंद्राची, आणि माझ्या मते सगळ्यांत मोठी तीच. गावोगावच्या महाविद्यालयांत आणि शाळांत सुटीच्या दिवशी संपर्कसत्रं भरायची. शिकवणाऱ्याला तिथे ‘संमंत्रक’ म्हणत. त्याने धडा पुन्हा शिकवायचा नव्हता, अडलेलं सोडवायचं होतं. काही केंद्रं नावापुरती चालत, काही संमंत्रक गृहपाठ न वाचताच गुण देत, हेही खरंच. ‘मुक्तची डिग्री’ असं नाक मुरडून म्हणणारे होते आणि आहेत. पण रविवारी आपल्यासारखेच दहा-वीस जण एका वर्गात बसलेले दिसणं, त्यातल्या एकाने ‘पुढच्या वेळी येशील ना’ विचारणं, यावर कितीतरी पदव्या तरल्या. छापील साहित्य पोचवणं तेव्हाही अवघड नव्हतं, टपालखातं होतं. माणूस शेवटपर्यंत टिकवणं अवघड होतं.

पडद्यावरून शिकवण्याचा प्रयोगही तोवर जुना झाला होता. १९७५-७६ मध्ये ‘साइट’ नावाच्या प्रयोगात अमेरिकी उपग्रहाच्या मदतीने सहा राज्यांतल्या सुमारे २,४०० गावांत शैक्षणिक कार्यक्रम दाखवले गेले. महाराष्ट्र त्यात नव्हता. १५ ऑगस्ट १९८४ पासून दूरदर्शनवर विद्यापीठ अनुदान आयोगाचे, म्हणजे यूजीसीचे, उच्च शिक्षणाचे कार्यक्रम सुरू झाले. इंग्रजीतून, आणि नोकरदार कामावर असेल अशा वेळी. सप्टेंबर २००४ मध्ये केवळ शिक्षणासाठी ‘एज्युसॅट’ उपग्रह सोडला गेला. सांगणारा एक, ऐकणारे हजारो, आणि उलट प्रश्न विचारायची सोय जवळजवळ नाहीच, हे दुखणं यातल्या बहुतेकांत राहिलं.

ऑनलाइनच्या आधीचं खरं ‘ई-लर्निंग’ महाराष्ट्रातल्या लाखो लोकांनी एका गाळ्यात, हेडफोन लावून केलं, आणि त्याला ते नाव देणं त्यांच्या मनातही आलं नसेल. संगणक शिकवणारं महाराष्ट्र नॉलेज कॉर्पोरेशन, म्हणजे एमकेसीएल, २००१ मध्ये स्थापन झालं. त्याच्या उभारणीतही ताकवल्यांचा हात होता. एमकेसीएलच्या एमएस-सीआयटी या संगणक साक्षरतेच्या अभ्यासक्रमाच्या केंद्रांवर विद्यार्थी संगणकासमोर बसून आपापल्या गतीने धडे पाहायचा, सराव करायचा, चुकला तर पडदाच सांगायचा. शेजारी मदतीला एक मुलगा किंवा मुलगी असायची. सरकारी नोकरीला हे प्रमाणपत्र लागू लागलं, आणि पन्नाशीतले कारकून, शिक्षक माउस धरायला शिकले. त्यात वेतनवाढ अडकण्याची भीती होती, हे कबूल. तरीही पडदा आणि शेजारचा माणूस, असा तो मेळ होता. पुढच्या लाटेने त्यातला माणूस वगळला.

ती लाट परदेशातून आली. २०११ च्या शरद ऋतूत स्टॅनफर्डच्या कृत्रिम बुद्धिमत्तेच्या एका अभ्यासक्रमाला जगभरातून दीड लाखाहून अधिक लोकांनी नाव नोंदवलं. २०१२ मध्ये कोर्सेरा आणि एडेक्स ही ऑनलाइन अभ्यासक्रमांची व्यासपीठं सुरू झाली. आपल्याकडे आयआयटी आणि बंगळूरच्या आयआयएस्सीने एनपीटीईएलचं, म्हणजे आपली व्याख्यानं ऑनलाइन खुली करण्याचं, काम त्याआधीच, २००३ मध्ये हाती घेतलं होतं. नाशिकच्या अभियांत्रिकी महाविद्यालयात शिकणाऱ्या मुलालाही खरगपूरच्या प्राध्यापकाचं व्याख्यान फुकट ऐकता येऊ लागलं. पण फुकटच्या मोठ्या अभ्यासक्रमांचं एक गुपित लवकरच फुटलं : नोंदणी करणाऱ्यांपैकी शेवटपर्यंत जाणारे बहुतेकदा दहा टक्क्यांच्या आत. शंभरातल्या नव्वदांनी कधीतरी रात्री उत्साहात बटण दाबलं, एवढंच.

५ सप्टेंबर २०१६ ला, नेमकं शिक्षकदिनी, जिओची सेवा सुरू झाली आणि डेटा स्वस्त झाला. जुलै २०१७ मध्ये केंद्र सरकारचं ‘स्वयम्’ हे ऑनलाइन अभ्यासक्रमांचं व्यासपीठ आलं. त्याच वर्षी शिक्षकांसाठी ‘दीक्षा’ हे व्यासपीठ आलं, आणि बालभारतीच्या पाठ्यपुस्तकांत क्यूआर कोड दिसू लागले. ती कल्पना आधी सोलापूर जिल्ह्यातल्या परितेवाडीच्या शाळेत रणजितसिंह डिसले यांनी राबवली होती. अभ्यासक्रमातले २० टक्क्यांपर्यंत श्रेयांक (क्रेडिट) ‘स्वयम्’वरून मिळवायची मुभा २०१६ मध्येच ठरली होती, २०२१ मध्ये ती ४० टक्के झाली. म्हणजे टाळेबंदी लागली तेव्हा दोर, डोल, विहीर सगळं होतं. पाणी शेंदायची सवय नव्हती.

ती सवय सक्तीने लागली, आणि सगळ्यांना सारखी लागली नाही. गंगापूर रोडवरच्या फ्लॅटमध्ये वायफाय होतं. सुरगाणा, पेठ, त्र्यंबकेश्वरच्या पाड्यांवर रेंजसाठी टेकडी चढावी लागे. ‘असर’ या ग्रामीण शिक्षणाच्या पाहणीच्या अहवालानुसार देशाच्या ग्रामीण भागात शाळेत जाणाऱ्या मुलांच्या घरी स्मार्टफोन असण्याचं प्रमाण २०१८ मध्ये ३६.५ टक्के होतं, ते २०२१ मध्ये ६७.६ टक्के झालं. आकडा दिलासा देतो, पण त्याच अहवालात पुढे आहे की फोन असलेल्या घरांतल्याही २६ टक्के मुलांच्या हाती तो पडत नव्हता. फोन बापाचा, बाप सकाळी कामाला गेला की शाळाही त्याच्याबरोबर गेली. सह्याद्री वाहिनीवर जुलै २०२० पासून पहिली ते आठवीसाठी ‘टिलीमिली’ ही पाठांची मालिका लागू लागली, म्हणजे आपण पुन्हा दूरदर्शनकडे वळलो. काही शिक्षकांनी पाड्यावर जाऊन अंगणात, झाडाखाली चार-पाच मुलं बसवून शिकवलं. हे कोणाला ‘तंत्रज्ञान’ वाटणार नाही, पण संपर्कसत्र म्हणजे आणखी काय असतं? ग्रामीण भागातली पहिली ते चौथीची मुलं १ डिसेंबर २०२१ ला वर्गात परतली. मार्च २०२० मध्ये बालवाडीत असलेलं मूल थेट दुसरीच्या बाकावर बसलं, अक्षरओळखीची वर्षं मागे टाकून.

पदवीच्या परीक्षांचं वेगळंच रामायण झालं. राज्य सरकारला अंतिम वर्षाच्या परीक्षा नको होत्या, यूजीसीला हव्या होत्या. २८ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की परीक्षेशिवाय पदवी देता येणार नाही. मग घरबसल्या बहुपर्यायी प्रश्न सुटले, गुणांचा पाऊस पडला आणि ‘कोविड बॅच’ हा शिक्का तयार झाला. दीड वर्षात चक्र एवढं फिरलं की ३१ जानेवारी २०२२ ला मुंबईत दहावी-बारावीची मुलं शिक्षणमंत्र्यांच्या घराजवळ जमली, ती ‘आमची परीक्षा ऑनलाइनच घ्या’ म्हणून. मुलांना दोष देण्यात अर्थ नाही. दोन वर्षं हातात पेन न धरलेल्याला तीन तासांचा पेपर डोंगर वाटणारच.

गंमत म्हणजे राज्याचं आरोग्यविज्ञान विद्यापीठही नाशिकमध्येच आहे, १९९८ पासून. एकाच शहरात एक विद्यापीठ विद्यार्थ्याला घरी बसून शिकवणारं आणि दुसरं असं, की ज्याचं शिक्षण रुग्णाच्या खाटेशी उभं राहिल्याशिवाय पुरं होत नाही. शरीररचनेचं व्याख्यान झूमवर होतं, शवविच्छेदन होत नाही.

कामाच्या जागी हा बदल कमी गाजावाजा करत आला. सातपूर-अंबडच्या कंपन्यांत प्रशिक्षण म्हणजे पूर्वी ट्रेनिंग हॉल, फळा आणि चहा. आता सुरक्षा, गुणवत्ता, लैंगिक छळ प्रतिबंध, माहितीची सुरक्षितता, सगळ्याचे मॉड्यूल येतात, शेवटी दहा प्रश्न, आणि मुदत उलटली की एचआरची मेल. ऑफिसात बसणारे व्हिडिओ एका खिडकीत चालू ठेवून दुसऱ्या खिडकीत काम करतात. हे सगळ्यांना माहीत असतं आणि कोणी बोलत नाही. लाइनवरच्या कंत्राटी ऑपरेटरकडे मुळात कंपनीचा मेल आयडीच नसतो, त्यामुळे ज्याचा हात प्रेसखाली जाऊ शकतो तोच या यंत्रणेच्या बाहेर राहतो. त्याचं शिक्षण शिफ्ट सुरू होताना सुपरवायझर पाच मिनिटं बोलतो, तेवढ्यावर. सरकारी बाजूला सप्टेंबर २०२० मध्ये सरकारी कर्मचाऱ्यांच्या प्रशिक्षणाचं मिशन कर्मयोगी मंजूर झालं. शिक्षकांचं ‘निष्ठा’ प्रशिक्षण त्याच वर्षी ‘दीक्षा’वर गेलं. प्रमाणपत्रांचे पीडीएफ भरपूर निघाले. वर्गात काय बदललं, हे पीडीएफ सांगत नाही.

प्रमाणपत्राशिवायचं, पण कामाशी घट्ट बांधलेलं शिकणं पाहायचं तर निफाड-दिंडोरीच्या द्राक्षबागांत जावं. २०१० मध्ये क्लोरमेक्वाट क्लोराइड या वाढरोधकाचे अंश सापडल्याने भारतीय द्राक्षं युरोपात अडली आणि बागायतदारांचे हाल झाले. त्यानंतर अवशेषमर्यादा (फळात औषधाचा किती अंश चालतो), शेवटच्या फवारणीपासून काढणीपर्यंतचं अंतर, हे शब्द बांधावर रुळले. आधी ते चर्चासत्रांतून आणि गटांतून यायचे. आता फळासाठीच्या गोडी छाटणीनंतर कितव्या दिवशी काय करायचं, घड जिब्रेलिक या संजीवकात कधी बुडवायचे, डाऊनी या बुरशीरोगाचा डाग कसा ओळखायचा, हे यूट्यूबवर आणि व्हॉट्सअॅपच्या गटांत चालतं. पानाचा फोटो टाकला की दहा मिनिटांत पाच उत्तरं येतात. त्यातलं एखादं औषधविक्रेत्याचं असतं, म्हणून जुना बागायतदार ते शेजारच्या बागेत जाऊन पडताळून घेतो. इथे मध्येच सोडून देणारे कमी, कारण शिकलेल्याचा निकाल फेब्रुवारीत घडावर दिसतो.

टाळेबंदी उठली तसा शिकवणीच्या अॅपवाल्यांचा फुगाही उतरला. २०२४ च्या जुलैत बायजूजवर दिवाळखोरीची कारवाई सुरू झाली. ऑनलाइनवर मोठ्या झालेल्या इतर कंपन्या २०२२ पासून शहरोशहरी बाकांचे वर्ग उघडू लागल्या. अभ्यासकेंद्रच ते, फक्त फी वेगळी. नाशिकच्या कॉलेज रोडवरच्या अभ्यासिकांतही हेच दिसतं : एमपीएससीची मुलं व्याख्यान मोबाइलवर ऐकतात आणि पैसे देतात ते खुर्चीचे, शांततेचे आणि शेजारी अभ्यास करणाऱ्या दुसऱ्याचे.

पदवीच्या किमतीचा वाद कागदावर मिटलेला आहे. सप्टेंबर २०२२ मध्ये यूजीसीने जाहीर केलं की मान्यताप्राप्त संस्थेची दूरस्थ आणि ऑनलाइन पदवी नियमित पदवीच्या बरोबरीची मानावी. मुलाखतीच्या टेबलावर मात्र ‘रेग्युलर का?’ हा प्रश्न अजून येतो, आणि विचारणारा उद्धटच असतो असं नाही. २०२० ची घरबसल्या परीक्षा त्यानेही पाहिलेली असते. एनपीटीईएलने हा पेच आपल्यापुरता साध्या रीतीने सोडवला आहे. आठ किंवा बारा आठवड्यांचे धडे आणि साप्ताहिक गृहपाठ ऑनलाइन, फुकट. प्रमाणपत्र हवं असेल तर फी भरायची आणि हॉलतिकीट, ओळखपत्र घेऊन ठरलेल्या केंद्रावर, पर्यवेक्षकासमोर परीक्षेला बसायचं.