रताळ्याच्या फ्राइजना कॉर्नफ्लोअर लावायचं की मक्याचं पीठ?

‘कॉर्नफ्लोअर म्हणजे मक्याचं पीठच की!’ असं म्हणत मी पहिल्यांदा भाकरीचं पिवळं पीठ रताळ्याच्या कापांना चोळलं होतं. ओव्हनमधून निघाले ते काप मऊ, वर दाताखाली कच्च्या पिठाची कचकच.

आपल्याकडे कॉर्नफ्लोअर म्हणून जे मिळतं तो मक्याचा निव्वळ स्टार्च. मका भिजवून वाटतात. कोंडा, कोंब आणि प्रथिनं काढून टाकली की तो उरतो. मक्याचं पीठ म्हणजे अख्खा सुका मका दळलेला. अमेरिकेत असाल तर जास्त जपा. तिथे आपलं कॉर्नफ्लोअर ‘कॉर्नस्टार्च’ या नावाने मिळतं आणि ‘कॉर्न फ्लोअर’ मागितलं तर पीठ हाती येतं.

रंगावर जाऊ नका, पांढऱ्या मक्याचं पीठही पांढरंच असतं. चिमटीत दाबून बघा. कॉर्नफ्लोअर करकरतं आणि बोटांच्या रेषांत जाऊन बसतं, पीठ रवाळ लागतं.

हा फरक रताळ्याला फार जाणवतो. त्यात बटाट्यापेक्षा साखर जास्त, स्टार्च कमी. आणि तापताना त्या स्टार्चचीही माल्टोज ही साखर होत राहते. म्हणून भाजलेलं रताळं इतकं गोड लागतं, आणि म्हणूनच फ्राइज कुरकुरीत व्हायच्या आधी कडेने करपतात. कॉर्नफ्लोअर कापांवरची ओल शोषून घेतं, त्याचा पातळ थर बसतो आणि भाजल्यावर तोच कडक होतो. मक्याच्या पिठाचे जाड कण नुसते चिकटून राहतात.

मी अर्धा किलो रताळ्याचे सेंटिमीटरभर जाडीचे काप अर्धा तास गार पाण्यात ठेवते आणि पंच्यावर अगदी कोरडे पुसते. आधी एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर, मग दोन चमचे तेल, पांढरा कण दिसेनासा होईपर्यंत. आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये २२० अंशांवर साधारण २५ मिनिटं, मध्ये एकदा उलटून. ट्रेमध्ये गर्दी नको, नाहीतर काप वाफेवर शिजतात. मिठाने पाणी सुटतं, म्हणून मीठ शेवटी.

उपासाला मात्र दोन्ही बाद, मका धान्यच ना! एकादशीला मी तेवढंच आरारूट लावते. तोही स्टार्चच, काप छान कुरकुरीत होतात. तिखटाऐवजी जिरेपूड आणि सैंधव.