स्टर्लिंग शिल्लक

स्टर्लिंग शिल्लक म्हणजे दुसऱ्या महायुद्धात भारताचं ब्रिटनकडे जे येणं साठत गेलं आणि लंडनमध्ये रिझर्व्ह बँकेच्या नावावर पौंडात जमा होऊन पडून राहिलं ते. युद्ध सुरू झालं तेव्हा बँकेकडे साधारण ६४ कोटी रुपयांचं स्टर्लिंग, म्हणजे ब्रिटिश पौंडांतली जमा, होतं, आणि एप्रिल १९४६ मध्ये तोच आकडा सुमारे १,७३३ कोटींवर गेला, म्हणजे तेव्हाच्या १ रुपयाला १ शिलिंग ६ पेन्स या दराने १३० कोटी पौंड. बोलताना बरेच जण सरळ स्टर्लिंग बॅलन्स म्हणतात. शिल्लक हा शब्द मात्र इथे जपून वापरायला हवा, कारण आपल्याकडे घरखर्च भागवून जे हातात उरतं त्याला शिल्लक म्हणतात, आणि ही रक्कम घरखर्च न भागवता, लोकांच्या ताटातलं काढून जमलेली आहे. हे लक्षात ठेवलं नाही तर पुढच्या सगळ्या वाटाघाटी नुसत्या आकड्यांचा खेळ वाटतात.

ती जमली कशी हे आधी बघू. नोव्हेंबर १९३९ मध्ये ब्रिटन आणि भारत सरकार यांच्यात संरक्षण खर्चाच्या वाटणीचा करार झाला. शांततेच्या काळातला नेहमीचा लष्करी खर्च, अधिक महागाईमुळे त्यात होणारी वाढ, अधिक निव्वळ भारताच्या संरक्षणासाठी लागेल तो खर्च एवढं भारताने सोसायचं, बाकी भार ब्रिटनचा. ऐकायला हे रास्त वाटतं आणि कागदावर होतंही. अडचण पैसे देण्याच्या पद्धतीत होती. समजा मुंबईतल्या एका गिरणीने लष्कराला खाकी कापड दिलं, तर गिरणीचं बिल भारत सरकार इथे रुपयात चुकतं करणार, ब्रिटन आपल्या वाटणीचे पौंड लंडनमध्ये रिझर्व्ह बँकेच्या खात्यात जमा दाखवणार, आणि ते पौंड आधाराला धरून बँक इथे तेवढ्या नोटा छापणार. १९३४ च्या रिझर्व्ह बँक कायद्यात सोन्यासारखंच स्टर्लिंगही नोटांना आधार म्हणून चालत होतं आणि त्याला वरची मर्यादा काही नव्हती. म्हणजे कापड गेलं उत्तर आफ्रिकेच्या वाळवंटात, नोटा आल्या परळ-लालबागच्या बाजारात, आणि त्या नोटांनी घ्यायचा माल बाजारात नाहीच. धान्य, ताग, चामडं, लाकूड, पोलाद, सगळ्याची तीच गत.

युद्धाच्या सुरुवातीला चलनात सुमारे १८० कोटींच्या नोटा होत्या, १९४५ संपेपर्यंत त्या १,१०० कोटींच्या पुढे गेल्या. घाऊक भाव साधारण अडीच पट झाले, तेही सरकारी आकड्यांत, काळ्या बाजाराचा हिशोब वेगळाच. १९४० मध्येच रुपयाच्या नाण्यातली चांदी बाराला अकरा भागांवरून निम्म्यावर आणली गेली आणि एक रुपयाची कागदी नोट परत सुरू झाली, तेव्हा लोकांनी जुने चांदीचे रुपये घरात दडवून ठेवले, ते साहजिकच होतं. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळात अंदाजे २० ते ३० लाख माणसं मेली. दुष्काळाची कारणं अनेक आहेत, ब्रह्मदेशातून येणारा तांदूळ बंद झाला, वादळ आलं, साठेबाजी झाली, प्रांताप्रांतांनी धान्याच्या सीमा बंद केल्या, पण युद्धखर्चासाठी ओतलेल्या नोटांमुळे भाव भडकले आणि ज्याच्या मजुरीत वाढ झाली नाही त्याच्या आवाक्यातून तांदूळ गेला, हे त्यातलं मोठं कारण. लंडनच्या खात्यावर पौंड चढत होते ती वर्षं आणि ही वर्षं एकच आहेत.

या येण्यातून एक काम युद्धातच झालं. भारत सरकारच्या डोक्यावर लंडनमध्ये काढलेलं जुनं स्टर्लिंग कर्ज होतं, त्यात रेल्वेच्या कर्जाचा मोठा वाटा, ते ३० कोटी पौंडांहून जास्त कर्ज या पैशांतून फेडून टाकलं गेलं. पिढ्यानपिढ्या कर्जदार असलेला देश चार-पाच वर्षांत सावकार झाला. ब्रिटनवर युद्धाच्या शेवटी असं जे देशोदेशीचं स्टर्लिंग देणं होतं ते सगळं मिळून ३५० कोटी पौंडांच्या आसपास होतं आणि त्यात एकट्या भारताचं साधारण एक तृतीयांश.

सावकार झाला खरा, पण वसुली करायला हातात सत्ता नाही. चर्चिल यांचं म्हणणं असं की आम्ही भारताचं जपानपासून रक्षण केलं, तेव्हा त्याचं उलट बिल भारतावर लावलं पाहिजे, आणि हा प्रतिदाव्याचा विषय ते मंत्रिमंडळात पुन्हा पुन्हा काढत राहिले. याला विरोध करणाऱ्यांत ब्रिटिश मंत्रिमंडळातले भारतमंत्री लिओपोल्ड अॅमेरी होते आणि दिल्लीत व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात अर्थखातं सांभाळणारे अर्थसदस्य सर जेरेमी राइसमन होते, दोघंही इंग्रज. राइसमन यांनी १९३९ चा करार शेवटपर्यंत धरून ठेवला आणि युद्ध चालू असताना तो मोडू दिला नाही, याचं श्रेय त्यांना द्यायलाच हवं. हिशोबाच्या वहीत एकदा लिहिलेलं येणं खोडायचं नाही ही भूमिका पुढे स्वतंत्र भारताच्या कामाला आली.

जुलै १९४४ मध्ये अमेरिकेत न्यू हॅम्पशायरमधल्या ब्रेटन वुड्सला ४४ देशांची परिषद भरली, १ ते २२ जुलै, माउंट वॉशिंग्टन हॉटेलात. आंतरराष्ट्रीय नाणेनिधी आणि जागतिक बँक यांचा जन्म तिथला. भारताच्या शिष्टमंडळाचे प्रमुख राइसमनच होते, सोबत भारत सरकारचे आर्थिक सल्लागार सर थिओडोर ग्रेगरी, आणि तीन भारतीय प्रतिनिधी म्हणजे रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर चिंतामणराव देशमुख, आर. के. षण्मुखम चेट्टी आणि मुंबईचे ए. डी. श्रॉफ. देशमुख मूळचे रायगडाजवळच्या नाते गावचे, मॅट्रिकला जगन्नाथ शंकरशेट संस्कृत शिष्यवृत्ती मिळवलेले, आयसीएस, आणि आदल्याच वर्षी ऑगस्टमध्ये रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर झालेले. देश पारतंत्र्यात, काँग्रेसचे बहुतेक मोठे नेते तुरुंगात, आणि अशात ही माणसं जगाच्या चलनव्यवस्थेच्या टेबलावर भारताचं येणं मांडायला बसली. आर्थिक मुत्सद्देगिरीत भारताचे पहिले धडे इथेच गिरवले गेले असं मला वाटतं.

भारताची मागणी माफक होती. सगळे पौंड आत्ता द्या असं कोणी म्हणालं नाही. नाणेनिधीच्या नियमांत एवढंच असावं की युद्धात साठलेल्या या येण्यातला काही भाग तरी डॉलर किंवा दुसऱ्या चलनांत बदलून मिळेल, कारण यंत्रं अमेरिकेतून आणायची तर नुसत्या पौंडावर ती मिळणार नव्हती. श्रॉफ यांनी परिषदेत जे उदाहरण दिलं ते अगदी घरगुती होतं, बँकेत दहा लाख डॉलर जमा आहेत पण टॅक्सीचं भाडं द्यायला खिशात पैसे नाहीत अशा माणसासारखी आमची स्थिती तुम्ही करून ठेवताय. इजिप्तचंही ब्रिटनकडे मोठं येणं होतं, त्याने भारताला साथ दिली. ब्रिटनतर्फे अर्थशास्त्रज्ञ जॉन मेनार्ड केन्स उभे राहिले. हा ब्रिटन आणि ज्याचं त्याचं येणं आहे त्या देशांमधला मामला आहे, नाणेनिधीत तो आणायचं कारण नाही, आणि ब्रिटन हे देणं मानाने फेडेल असं त्यांनी सांगितलं. अमेरिकेलाही नव्या निधीवर युद्धाच्या जुन्या देण्यांचं ओझं नको होतं. मागणी फेटाळली गेली. पण परिषदेत सगळ्या जगासमोर ब्रिटनच्या तोंडून हे देणं मान्य करून घेतलं गेलं, आणि प्रतिदाव्याची भाषा त्यानंतर पहिल्यासारखी जोरात करता येईना, ही कमाई छोटी नाही.

दुसरी कमाई कोट्याची, म्हणजे निधीत प्रत्येक देशाचा जो वाटा ठरतो आणि ज्यावर त्याची मतं अवलंबून असतात त्याची. नाणेनिधीत भारताला ४० कोटी डॉलरचा कोटा मिळाला, चीनच्या ५५ आणि फ्रान्सच्या ४५ कोटींच्या खालोखाल, यादीत सहावा. सोव्हिएत युनियनचा कोटा १२० कोटींचा होता पण ते निधीत आलेच नाहीत, त्यामुळे भारत पहिल्या पाचांत गेला आणि कार्यकारी मंडळावर निवडणुकीशिवाय जागा मिळाली. निधीच्या उद्दिष्टांत मागास देशांच्या विकासाचा उल्लेख हवा हाही भारताचाच आग्रह होता, शेवटी मसुद्यात आलं ते सर्व सभासदांच्या उत्पादक साधनांचा विकास असं, मूळ मागणीपेक्षा पातळ.

या पैशांवर इथे काय काय बेत चालले होते तेही सांगायला हवं. जानेवारी १९४४ मध्ये जे. आर. डी. टाटा, घनश्यामदास बिर्ला वगैरे उद्योगपतींनी जो बॉम्बे प्लॅन मांडला, त्यावर सही करणाऱ्यांत श्रॉफही होते, त्यातल्या १०,००० कोटींच्या खर्चापैकी १,००० कोटी या स्टर्लिंगमधून येतील असं धरलं होतं. म्हणजे कारखाने, वीज, यंत्रं यांचं स्वप्न या येण्यावर उभं होतं.

युद्ध संपल्यावर ब्रिटनने अमेरिकेकडून ३७५ कोटी डॉलरचं कर्ज घेतलं आणि त्याच्या अटीप्रमाणे १५ जुलै १९४७ पासून पौंड डॉलरमध्ये बदलून द्यायला सुरुवात केली. डॉलर इतक्या वेगाने बाहेर गेले की २० ऑगस्टला हे बंद करावं लागलं. मधल्या १४ ऑगस्टला, स्वातंत्र्याच्या आदल्या दिवशी, भारत-ब्रिटनचा अंतरिम करार झाला. त्यात भारताचे सुमारे ११६ कोटी पौंड दोन खात्यांत विभागले गेले. खातं नंबर १ मधून खर्च करता येणार, खातं नंबर २ गोठवलेलं. नंबर १ मध्ये आले फक्त साडेसहा कोटी पौंड, त्यातले तीन कोटी तर हाताशी राखीव म्हणून. स्वतःच्याच पैशांना हात लावायला दर वेळी लंडनची संमती, आणि तोवर ते पैसे ब्रिटिश ट्रेझरी बिलांत, म्हणजे ब्रिटिश सरकारच्या अल्पमुदतीच्या कर्जरोख्यांत, पडून, ज्यांवर युद्धकाळात वर्षाला साधारण एक टक्का व्याज मिळायचं आणि १९४५ च्या अखेरीपासून अर्धा टक्का.

जुलै १९४८ मध्ये तीन वर्षांचा करार झाला, तेव्हा षण्मुखम चेट्टी स्वतंत्र भारताचे अर्थमंत्री होते. इंग्रज भारतात सोडून गेले ते लष्करी सामान आणि साठे यांच्यापोटी १० कोटी पौंड आणि ब्रिटिश अधिकाऱ्यांच्या पेन्शनींची तरतूद म्हणून केंद्र व प्रांत मिळून १६ कोटी ८० लाख पौंड शिलकीतून वळते झाले. पेन्शनचा बोजा ज्या राज्यकर्त्यांच्या नोकरांचा त्यांनीच उचलायला हवा होता हे माझं मत, पण वाटाघाटी करणाऱ्यांपुढचा हिशोब वेगळा होता, मूळ येण्यात कपात न होऊ देणं हे त्यांना जास्त महत्त्वाचं होतं आणि ती कपात झाली नाही. अमेरिकेच्या कर्जकरारात तर ब्रिटनने सावकार देशांकडून काही रक्कम सोडवून घ्यावी अशी अपेक्षा लिहिलेली होती. पाकिस्तानचा वाटाही यातूनच दिला गेला.

मग १८ सप्टेंबर १९४९ ला ब्रिटनने पौंडाचं अवमूल्यन केलं, ४.०३ डॉलरचा पौंड २.८० डॉलरला आला. भारताने रुपयाही तेवढाच खाली आणला, त्यामुळे रुपयात शिल्लक तेवढीच दिसत राहिली, पण डॉलरमध्ये तिची तीस टक्क्यांहून जास्त किंमत एका रात्रीत गेली. ब्रेटन वुड्सला जी थोडीशी बदली मागितली होती ती मिळाली असती तर त्या भागाचं हे नुकसान टळलं असतं.

देशमुख १९५० मध्ये अर्थमंत्री झाले. १९५२ च्या करारात नंबर २ मधले ३१ कोटी पौंड राखीव गंगाजळी म्हणून नंबर १ मध्ये आले आणि उरलेल्यातून १९५७ पर्यंत दर वर्षी साडेतीन कोटी मोकळे होत गेले. पहिल्या पंचवार्षिक योजनेत या पैशांवर फारशी ओढ लागली नाही. मुंबईच्या प्रश्नावर देशमुखांनी १९५६ मध्ये राजीनामा दिला, त्याच सुमाराला दुसरी योजना सुरू झाली, पोलाद कारखान्यांची यंत्रं, रेल्वेचं सामान आणि धान्य यांची आयात एकदम वाढली, आणि परकीय गंगाजळी दोन वर्षांत साधारण निम्म्यावर आली. नोटांच्या आधाराला परकीय चलन आणि सोनं किती असावं याची कायद्यातली अट १९५६ मध्ये बदलली होती, ती १९५७ मध्ये आणखी खाली आणून मिळून २०० कोटी केली, त्यात सोनं ११५ कोटींचं. ऑगस्ट १९५८ मध्ये वॉशिंग्टनला जागतिक बँकेने भारताला कर्ज देणाऱ्या देशांची बैठक बोलावली, पुढे तिला एड इंडिया कन्सोर्टियम म्हणू लागले, आणि तिथे अमेरिका, पश्चिम जर्मनी, जपान, कॅनडा यांच्याबरोबर ब्रिटनही कर्ज देणारा म्हणून बसलं होतं.