तारामती झालेले अण्णा साळुंके एकाच सिनेमापुरते होते?

सीताबर्डीत तर्री-पोह्याच्या ठेल्यावर परवा पुन्हा तोच किस्सा रंगला. फाळकेंना तारामतीसाठी बाई मिळेना, मग हॉटेलातला पोरगा साडी नेसून उभा राहिला आणि सिनेमा संपल्यावर परत भटारखान्यात गेला! अर्धं खरं आहे बाप्पा. शेवट मात्र कोणीतरी आपल्या मनानं जोडला.

अण्णा साळुंके मुंबईत ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात कामाला होते, हे खरं. 1913 च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये ते तारामती झाले, हेही खरं. पण 1917 च्या ‘लंकादहन’मध्ये राम तेच आणि सीताही तेच! भारतीय पडद्यावरची पहिली दुहेरी भूमिका म्हणून हीच सांगितली जाते. सीतेचे दंड जरा जास्तच पिळदार दिसत, पण पडद्यावर राम आला की लोक पायातल्या वहाणा काढत. पुढे साळुंके कॅमेऱ्यामागे गेले आणि छायाचित्रणात रमले. भटारखाना कुठला आणि काय!

‘हरिश्चंद्र’च्या उरलेल्या रिळांत हौदातल्या स्नानाचा प्रसंग आहे. अंगाला चिकटलेल्या ओल्या साड्यांतल्या त्या दासी नीट पाहा, सगळे पुरुष आहेत.

आणि हो, ‘बायका बोलपटापासूनच आल्या’ हेही चूक. 1913 मध्येच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची लेक कमलाबाई, पुढच्या कमलाबाई गोखले, मोहिनी.