संमतीपत्रावरील सहीने तक्रारीचा हक्क जात नाही

शस्त्रक्रियेपूर्वी संमतीपत्रावर सही केली की पुढे काहीही झाले तरी रुग्णाला दाद मागता येत नाही, हा समज वर्षानुवर्षे फिरतो आहे. ‘परिणामांस रुग्णालय जबाबदार राहणार नाही’ अशी ओळ अनेक छापील अर्जांवर असल्याने तो पटणेही स्वाभाविक आहे. प्रत्यक्षात सहीने समजावून सांगितलेला उपचार आणि त्यातील अंगभूत धोके एवढेच मान्य होतात. निष्काळजीपणाला त्यातून माफी मिळत नाही.

ही मर्यादा किती काटेकोर आहे, हे सर्वोच्च न्यायालयाच्या 2008 च्या एका निकालात दिसते. दुर्बिणीने तपासणी करण्यास संमती दिलेल्या एका महिलेचे गर्भाशय, ती भुलीखाली असताना, आईच्या होकारावर काढण्यात आले होते. ती सज्ञान होती आणि जिवाला तातडीचा धोका नव्हता. त्यामुळे आईचा होकार ग्राह्य धरला गेला नाही. मला हा निकाल फार मोलाचा वाटतो, कारण आपल्याकडे रुग्णाऐवजी नातेवाइकांनाच विचारण्याची पद्धत रुळली आहे.

पडताळणी अर्जापासूनच करावी. त्यात नेमका उपचार, धोके आणि पर्याय लिहिले आहेत का, हे पाहावे आणि कोऱ्या रकान्यांखाली सही करू नये. दिलेली संमती शस्त्रक्रियेपूर्वी मागेही घेता येते. उपचारांच्या नोंदी मागितल्यावर 72 तासांत देणे भारतीय वैद्यकीय परिषदेच्या 2002 च्या व्यावसायिक आचरणाच्या नियमांनुसार डॉक्टरांवर बंधनकारक आहे. ती मागणी लेखी करून पोच घ्यावी.