फेरी १२ मिनिटांची, लहर गिगाहर्ट्झची

सप्टेंबर २०२४ मध्ये ‘पॉर्फिरिऑन’ची बातमी आली. एका दूरच्या दीर्घिकेच्या केंद्रातल्या कृष्णविवराजवळून दोन विरुद्ध दिशांना निघालेले हे झोत एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सुमारे २.३ कोटी प्रकाशवर्षं लांब आहेत. आपली अख्खी आकाशगंगा साधारण १ लाख प्रकाशवर्षं रुंद, म्हणजे हे प्रकरण केवढं ते बघा. झोत सापडले युरोपातल्या ‘लोफार’ या रेडिओ दुर्बिणीला. त्यांचं मूळ नेमकं कुठल्या दीर्घिकेत आहे, हे ठरवायला जुन्नर तालुक्यातल्या खोडदची जीएमआरटी ही अनेक तबकड्यांची रेडिओ दुर्बीण कामाला आली.

अशी बातमी आली की एक प्रश्न हमखास येतो: कृष्णविवरातून प्रकाशही सुटत नाही, मग हे झोत बाहेर कसे पडले? ते आतून आलेलेच नाहीत. विवराकडे ओढला जाणारा वायू सरळ आत पडत नाही, त्याची भोवती फिरणारी तापलेली चकती होते. ही चकती आणि फिरतं विवर मिळून चुंबकीय बलरेषांना पीळ देतात आणि त्या पिळाच्या जोरावर काही द्रव्य अक्षाच्या दिशेनं बाहेर फेकलं जातं. कृष्णविवर म्हणजे सगळं ओढून घेणारा व्हॅक्यूम क्लीनर नव्हे. सूर्याच्या जागी तेवढ्याच वस्तुमानाचं कृष्णविवर ठेवलं, तरी पृथ्वी आपल्या कक्षेत आजच्यासारखीच फिरत राहील.

झोत निघतात कसे यावर भरपूर लिहिलं जातं. ते आपल्याला दिसतात कसे, हा भाग मात्र मागे राहतो, आणि खरी गंमत तिथेच आहे.

झोतांच्या टोकांशी पसरलेल्या रेडिओ ढगांना लोब म्हणतात. तिथलं चुंबकक्षेत्र ५ मायक्रोगॉस धरू, म्हणजे पृथ्वीच्या चुंबकक्षेत्राचा साधारण लाखावा हिस्सा. एवढ्या क्षेत्रात सावकाश जाणारा इलेक्ट्रॉन सेकंदाला १४ फेऱ्या मारतो. लोबमधले इलेक्ट्रॉन मात्र सावकाश नसतात. ५ अब्ज इलेक्ट्रॉनव्होल्ट ऊर्जेचा एक इलेक्ट्रॉन घ्या. ही ऊर्जा त्याच्या स्थिर वस्तुमानाच्या ऊर्जेच्या सुमारे १० हजार पट आहे. या पटीला गॅमा म्हणतात. जडत्व १० हजार पट वाढलं की फेरीही तितकीच संथ होते: एका फेरीला ७०० सेकंद, म्हणजे जवळजवळ १२ मिनिटं. वर्तुळाची त्रिज्या सुमारे ३.४ कोटी किलोमीटर.

१२ मिनिटांत एक फेरी मारणारा कण सेकंदाला कोट्यवधी कंपनांची रेडिओ लहर कशी देतो? उत्तराचे दोन टप्पे आहेत.

पहिला टप्पा दिव्याचा. अंधाऱ्या मैदानावर गोल चकरा मारणारी मोटरसायकल डोळ्यांसमोर आणा. हेडलाइट आपल्या डोळ्यांत क्षणभरच लखलखतो. जवळजवळ प्रकाशवेगानं जाणारा इलेक्ट्रॉनही आपलं प्रारण पुढच्या दिशेला एका अरुंद शंकूत फेकतो. गॅमा १० हजार असेल तर हा शंकू केवढा? १० रुपयांचं नाणं १३५ मीटरवरून जेवढं दिसेल, तेवढा. हा शंकू आपल्यावरून सरकून जायला सुमारे ०.०२३ सेकंद लागतात. एवढ्यावर थांबलो तर हाती येतात सेकंदाला जेमतेम काही कंपनं. जीएमआरटीच्या पट्ट्यापासून हे फार दूर आहे.

दुसरा टप्पा पाठलागाचा, आणि सगळी करामत त्यातच आहे. इलेक्ट्रॉन आपल्याच प्रकाशामागे धावतोय. गॅमा १० हजार असताना त्याचा वेग प्रकाशापेक्षा इतका किंचित कमी असतो की ३ लाख किलोमीटरच्या, म्हणजे एका सेकंदाच्या, शर्यतीत तो फक्त दीड मीटर मागे पडतो. आता त्या ०.०२३ सेकंदांकडे परत या. शंकू आपल्यावर पडायला लागला तेव्हा सुटलेला प्रकाश आणि शंकू निघून जाताना सुटलेला प्रकाश यांच्यात किती अंतर उरेल? इलेक्ट्रॉन त्या पहिल्या प्रकाशाच्या मागोमागच होता. वाटेचं वळण धरूनही हे अंतर भरतं साडेचार सेंटिमीटरच्या आसपास. म्हणजे पाठवताना ०.०२३ सेकंद चाललेला प्रकाशाचा स्पंद आपल्यापर्यंत सेकंदाच्या अब्जाव्या भागाच्याही सातव्या हिश्शात येऊन संपतो.

इतक्या आखूड स्पंदात एकच वारंवारता मावत नाही, रुंद पट्टा तयार होतो. आपल्या उदाहरणात त्याचा जोर ६०० मेगाहर्ट्झच्या (सेकंदाला ६० कोटी कंपनांच्या) आसपास सर्वांत जास्त असतो आणि २ गिगाहर्ट्झच्या पुढे तो झपाट्यानं उतरतो. या २ गिगाहर्ट्झचा हिशेब लक्षात ठेवायला सोपा आहे: १४ गुणिले गॅमाचा वर्ग, आणि त्याची दीडपट. फेरी गॅमानं मंदावते, शंकू गॅमानं अरुंद होतो, पाठलाग गॅमाच्या वर्गानं आकुंचन करतो. सगळं एकत्र केलं की गॅमाचा वर्ग शिल्लक राहतो.

याला सिंक्रोट्रॉन प्रारण म्हणतात. १९४७ मध्ये अमेरिकेतल्या जनरल इलेक्ट्रिकच्या प्रयोगशाळेत सिंक्रोट्रॉन यंत्रात हा उजेड पहिल्यांदा डोळ्यांनी दिसला, म्हणून ते नाव. इंदूरच्या इंडस-२ या यंत्रात २.५ अब्ज इलेक्ट्रॉनव्होल्टचे इलेक्ट्रॉन फिरवून हेच प्रारण मुद्दाम तयार करतात. त्याची खूण म्हणजे ध्रुवण, म्हणजे लहरींची कंपनं मुख्यतः एकाच दिशेत असणं. १९५६ मध्ये खगोलशास्त्रज्ञ वॉल्टर बाडे यांना एम८७ दीर्घिकेच्या झोतात ते सापडलं. त्याआधी १९५३ मध्ये इंग्लंडमधल्या जॉड्रेल बँक वेधशाळेत जेनिसन आणि मृणालकुमार दासगुप्ता यांनी सिग्नस ए या रेडिओस्रोताचे दोन लोब वेगळे करून दाखवले होते.

प्रारण फुकट मिळत नाही. आपला ५ मायक्रोगॉसमधला इलेक्ट्रॉन सुमारे ७ कोटी वर्षांत थकतो, कारण चुंबकक्षेत्राबरोबरच महास्फोटातून उरलेलं सूक्ष्मलहरी पार्श्वप्रारणही त्याची ऊर्जा काढून घेतं. आयुष्य गॅमाच्या व्यस्त प्रमाणात असतं. १५० मेगाहर्ट्झला चमकणारे कमी गॅमाचे इलेक्ट्रॉन २५ कोटी वर्षांपर्यंत तग धरतात. म्हणून जुने, अवाढव्य लोब कमी वारंवारतेच्या दुर्बिणींनाच आधी दिसतात. पॉर्फिरिऑनच्या काळी विश्व लहान होतं आणि पार्श्वप्रारणाची ऊर्जाघनता आजच्या जवळजवळ १३ पट होती. तिथल्या इलेक्ट्रॉनांचं आयुष्य त्या मानानं आणखी तोकडं.

लोबचं वय काढायची रीत अशी: दोन-तीन वारंवारतांना तेज मोजायचं आणि वारंवारता वाढते तसं ते किती उतरतं ते बघायचं. ताज्या लोबचं तेज १४०० मेगाहर्ट्झला १ जान्स्की (रेडिओ तेजाचं एकक) असेल, तर १५०ला साधारण ४.८. वरच्या वारंवारतेचं तेज अपेक्षेपेक्षा जास्त घसरलेलं दिसलं, तर इलेक्ट्रॉन म्हातारे. इथे एक चूक वारंवार होते. अनेक तबकड्या जोडलेली दुर्बीण फार पसरलेला उजेड पकडू शकत नाही, कारण त्यासाठी तबकड्या पुरेशा जवळ हव्यात. जीएमआरटीला ६१० मेगाहर्ट्झवर सुमारे १७ कलांपर्यंतचा (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) विस्तार दिसतो, १४२०वर फक्त ७ कला. १२ कलांचा लोब या दोन्हींवर मोजून थेट भागाकार केला, तर वरचं तेज निम्मंअर्धं हरवलेलं असू शकतं. उतार खोटा तीव्र येतो आणि तरुण लोब म्हातारा ठरतो. उपाय म्हणजे दोन्हीकडे तबकड्यांमधली अंतरं तरंगलांबीच्या हिशेबात जुळवून घेणं आणि मगच तुलना करणं. दुसरी अडचण चुंबकक्षेत्राची. ते बहुतेकदा थेट मोजता येत नाही, कण आणि क्षेत्र यांच्यात ऊर्जेची समान वाटणी आहे असं गृहीत धरून काढतात. त्यामुळे वयाचा एकच आकडा छापून आला, तर तो या गृहीतकावर उभा आहे हे ध्यानात ठेवावं.

‘आज रात्री वैश्विक किरणं पृथ्वीजवळून जाणार, मोबाइल बंद ठेवा’ हा संदेश दर वर्षी फिरतो. १ वॅटचा मोबाइल चंद्रावर ठेवला, त्याची शक्ती २०० किलोहर्ट्झच्या पट्ट्यात पसरली, तर इथे तो सुमारे २७० जान्स्कीचा स्रोत दिसेल. आकाशातले मोजकेच रेडिओस्रोत त्याच्यापुढे जातील. हातातला मोबाइल दीर्घिकांपासून वाचवायची गरज नाही. उलट खोडदच्या तबकड्यांना मोबाइलपासून जपावं लागतं.

इलेक्ट्रॉनच्या आयुष्याच्या हिशेबाची सर्वांत कडक परीक्षा पुन्हा एम८७मध्ये होते. तिच्या झोतातल्या गाठी क्ष-किरणांतही चमकतात. चुंबकक्षेत्र १०० मायक्रोगॉस धरलं, तर क्ष-किरण द्यायला गॅमा २ कोटींच्या पुढे लागतो, आणि असा इलेक्ट्रॉन जेमतेम १०० वर्षं टिकतो. सर्वांत ठळक गाठींपैकी एक तर केंद्रापासून, आकाशात दिसतं तेवढंच अंतर धरलं तरी, सुमारे ३ हजार प्रकाशवर्षांवर आहे. केंद्रातून निघालेला इलेक्ट्रॉन अगदी प्रकाशवेगानं धावला, तरी तिथे पोचायच्या कितीतरी आधी विझलेला असेल. तेव्हा तो तिथेच, त्या गाठीतच, नव्यानं प्रवेगित होतोय.