मोनार्को आणि अंगणातला सांबा

सांबा हे ब्राझीलचं गाणं-नाचणं. सांबा म्हटलं की डोळ्यांपुढे पिसांचे मुकुट, झगमगते चित्ररथ आणि रिओची कार्निव्हल मिरवणूक येते. पण हा सगळा डोलारा ज्या गाण्यांवर उभा राहिला, त्यातली कितीतरी गाणी मिरवणुकीसाठी नव्हतीच. 'साम्बा दे तेरेइरो' म्हणजे अंगणात जमून गायचा सांबा. गायक-गीतकार इल्दमार दिनिझ ऊर्फ मोनार्को (1933–2021) यांनी जन्मभर जपली ती ही ठेव.

1888 मध्ये ब्राझीलमधली गुलामगिरी कायद्याने संपली. ईशान्येच्या बाहिया प्रांतातून आणि कॉफीच्या मळ्यांतून सुटलेली कृष्णवर्णीय कुटुंबं पोट भरायला रिओत आली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला शहर सुधारायच्या नावाखाली गरिबांची घरं पाडली गेली. मग ही माणसं टेकड्यांवर चढली, नाहीतर रेल्वेच्या कडेने उपनगरांत सरकली. ओस्वाल्दो क्रूझ हे त्यातलंच एक.

त्या काळी हातात पांदेइरो दिसला तरी पोलीस हटकत. पांदेइरो म्हणजे आपल्या खंजिरीचाच भाऊबंद. जुआंव दा बायाना या वादकाचा पांदेइरो पोलिसांनी हिसकावला, तेव्हा पिन्येइरो माशादो या सिनेटरने त्याला नवा दिला, तोही वर स्वतःचं नाव घालून. पुढे पोलीस आडवे आले की ती अक्षरंच ढाल व्हायची.

1923 मध्ये ओस्वाल्दो क्रूझमध्ये कार्निव्हलच्या मिरवणुकीत उतरणाऱ्या ज्या सांबा मंडळाची मुहूर्तमेढ रोवली गेली, ते आजचं पोर्तेला. पाउलो दा पोर्तेला हे त्याच्या संस्थापकांतले एक. पाय आणि गळा झाकलेला हवा, म्हणजे बूट आणि टाय हवाच, असा त्यांचा दंडक. पोशाखाचा नुसता शौक नव्हता तो. ज्यांना उनाड म्हणून हिणवलं जाई, त्यांनी ताठ मानेनं उभं राहावं, हा आग्रह होता. मोनार्को लहानपणी या वस्तीत राहायला आले आणि 1950 मध्ये, सतराव्या वर्षी, पोर्तेलाच्या गीतकारांत सामील झाले. पोटासाठी त्यांनी मासळीही विकली, उभ्या गाड्याही राखल्या.

जुन्या सांब्यात ध्रुवपद तेवढं ठरलेलं असायचं. टाळ्यांच्या ठेक्यावर सगळे ते म्हणत आणि मधली कडवी ज्याला सुचतील तो जागीच रचे. कागद नाही, ध्वनिमुद्रण नाही. माणूस गेला की कडवी गेली, कधीकधी ध्रुवपदही. मोनार्कोंचं मोठेपण मला इथे दिसतं. आल्सिदेस, शिको सान्ताना अशा ज्येष्ठांसोबत त्यांनी गाणी पुरी केली, आणि इतरांची गाणी मुखोद्गत ठेवून ती कुणाची, हेही आवर्जून सांगत राहिले. स्वतः उत्तम रचणाऱ्या माणसाने दुसऱ्याच्या ओळींचा असा सांभाळ करावा, हे फार दुर्मीळ आहे.

मिरवणुकीची स्पर्धा वाढली तशी त्या-त्या वर्षाच्या कथानकावरची गाणी वरचढ झाली आणि अंगण मागे पडलं. 1970 मध्ये गायक-गीतकार पाउलिन्यो दा व्हिओला यांनी पोर्तेलातल्या जुन्या गायकांना एकत्र आणून तबकडी काढली. तिचं शीर्षकगीत मोनार्कोंचं. त्यातूनच 'व्हेल्या ग्वार्दा', म्हणजे जुन्या जाणत्यांचा संच, उभा राहिला. 1975 मध्ये पोर्तेलाचेच गीतकार कांदेया यांनी मोठ्या मंडळांच्या दिखाऊपणाला विटून 'किलोंबो' हे वेगळं मंडळ काढलं.  1990 च्या दशकाच्या अखेरीस गायिका मारिझा मॉन्ते या संचाकडे आल्या आणि अंगणातली कितीतरी गाणी पहिल्यांदा ध्वनिमुद्रित झाली. ज्येष्ठांच्या स्मरणात ती तोवर तग धरून होती.

मोनार्कोंचा आवाज खर्जातला, संथ; शब्द न् शब्द कळावा असा. दरवर्षी 2 डिसेंबरच्या सांबादिनाच्या निमित्ताने रिओच्या मध्यवर्ती स्थानकातून गाण्याने भरलेली आगगाडी ओस्वाल्दो क्रूझला जाते. पाउलो आणि त्यांचे सोबती कामावरून परतताना डब्यात सांबा गात, त्याची ही आठवण. मोनार्को 11 डिसेंबर 2021 रोजी, अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी गेले. त्यांचे चिरंजीव माउरो दिनिझ कावाकीन्यो हे चार तारांचं छोटं वाद्य वाजवतात आणि सांबा रचतात.